शेड तीच आहे

"हे ढग नाहीत," सिस्टर म्हणाल्या. "हे कापसाचे बोळे आहेत. मी आयुष्यभर जखमा पुसल्यात, मला बोळा बरोबर ओळखता येतो."

रंगारी लाकडी घोडीवर उभा होता. सकाळपासून मान मागे टाकून छत रंगवताना त्याच्या मानेचा ओंडका झाला होता आणि निळा रंग कोपरापर्यंत ओघळला होता. त्याने खाली पाहिलं. पलंगावर सासूबाई उताण्या पडल्या होत्या. छातीपर्यंत चादर, नाकावर चष्मा, आणि शिकाऊ नर्सने सुई चुकीच्या जागी टोचल्यावर येत असेल तो भाव चेहऱ्यावर.

"जरा वाळू तर द्या, आई. ओला रंग वेगळा दिसतो."

"वाळल्यावर वाळलेले बोळे दिसतील."

रंगारी खाली उतरला आणि ब्रश धुवायला गेला. बिचाऱ्या ब्रशवर त्याने सगळा राग काढला.

सिस्टर म्हणजे त्याची सासू. सगळी नोकरी मोठ्या इस्पितळात रात्रपाळी करण्यात गेली, त्यामुळे वाण्यापासून नळ दुरुस्त करणाऱ्यापर्यंत सगळे त्यांना सिस्टरच म्हणत. रंगारीही मनातल्या मनात सिस्टरच म्हणायचा. तोंडावर मात्र आई. गेल्या महिन्यात त्यांचा न्हाणीघरात पाय घसरला, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं. त्यांचं स्वतःचं घर सगळ्यात वरच्या मजल्यावर, लिफ्ट नाही, सोबतीला कुणी नाही. मग लेकीकडे आणण्यावाचून काय इलाज होता? इथे लिफ्ट होती, लेक होती आणि आतली खोली मोकळी होती.

पण त्या खोलीची खिडकी समोरच्या इमारतीच्या विटांवर उघडायची. मधे जेमतेम एक बोळ, खाली दुकानं. खिडकीतून डोकं बाहेर काढून मान पिरगाळली तर वर आभाळाची एक चिंधी दिसे. खुबा मोडलेल्या माणसाने ती कशी बघायची?

"माझ्या घरी पलंगावरून नुसतं आभाळ दिसतं," सिस्टरांनी आल्या दिवशीच सांगितलं होतं. "इथे मी काय गुन्हा केलाय म्हणून कोठडीत?"

आणि त्यांनी आपली बॅग रिकामी करूच दिली नाही. कपडे, औषधं, टॉवेल, सगळं भरलेल्या बॅगेत. लागेल तेवढं बाहेर काढायचं आणि धुऊन झालं की परत आत. बॅग उभी कुठे, तर खिडकीच्या कठड्यावर, पलंगावरून डोळ्यांसमोर राहील अशी. तिला हात लावायची कुणाची टाप नव्हती. येत्या रविवारी संध्याकाळी गाडी बोलवायची, चार माणसं लावून खुर्चीतून वर चढवायचं आणि आपल्या घरी जायचं, हे त्यांनी जाहीर केलं होतं.

बायकोने आईला समजावलं, मग रडून झालं, मग अबोला धरून झाला. शेवटी ती नवऱ्याला म्हणाली, "ती गेली तर मी पण तिच्याबरोबर जाणार. ती तिथे एकटी पुन्हा पडली तर मी स्वतःला माफ नाही करू शकणार."

"किती दिवस?"

"मला काय माहीत किती दिवस! ती चालायला लागेपर्यंत. नाहीतर ती आहे तोपर्यंत."

घरात दोघंच माणसं. त्यातलं एक गेलं तर उरलं काय? घाबरलेल्या माणसाच्या तोंडून नको ते निघतं, तसं रंगारीच्या तोंडून निघालं, "मी त्यांच्या छतावर आभाळ रंगवून देतो. मग तर राहतील?"

सिस्टरांनी आतल्या खोलीतून ऐकलं. त्यांचे कान शाबूत होते, हीच तर पंचाईत होती. "बघू," त्या आतून म्हणाल्या, "रंगवता येतंय का."

झालं. त्या दिवसापासून रंगारीच्या जिवाला चैन नव्हती. दिवसभर लोकांच्या भिंती, आणि घरी आला की सासूचं छत.

कापसाच्या बोळ्यांना त्याने दुसरा हात मारला, कडा विरघळवल्या, पोटाखाली जराशी राखाडी छटा दिली. स्वतःलाच आवडावं असं काम झालं. आभाळाच्या मधोमध पंखा लटकत होता खरा, पण तेवढं सिस्टरांनी चालवून घेतलं. दुपारी त्या काहीच बोलल्या नाहीत, म्हणजे त्यांच्या भाषेत कौतुकच म्हणायचं. रंगारी शीळ घालत चहा प्यायला. संध्याकाळी बायकोने खोलीतला दिवा लावला आणि आतून हाक आली.

"जावईबापू! अंधार पडला तरी तुमचे ढग दिवसपाळीवरच आहेत का?"

"म्हणजे?"

"रात्री असे पांढरे ढग कुठे असतात? वॉर्डातले दिवे बंद करायला कुणीतरी विसरल्यासारखं वाटतंय. मला झोप नाही लागायची."

दुसऱ्या दिवशी त्याने गडद निळा ओतला आणि काळपट ढग काढले. रात्र छान गेली. सकाळी उजाडल्याबरोबर सिस्टर ओरडल्या, "सकाळी सकाळी आभाळ अंगावर कोसळतंय! उठवा मला!"

मग त्याने डोकं चालवलं. अर्धं छत दिवसाचं, अर्धं रात्रीचं. ज्याला जे हवं तिकडे बघावं. सिस्टरांनी अर्ध्या तासात निकाल दिला. "खुब्यामुळे मला एकाच कुशीवर झोपता येतं. त्या कुशीला कायमची अमावस्या आली आहे."

मग संध्याकाळचे ढग. गुलाबी, केशरी, थोडा जांभळा. ते म्हणे जखमेला लाल औषध लावल्यासारखे दिसत होते. ट्यूबच्या उजेडात ते खरोखरच तसे दिसत होते, हे रंगारीला मान्य करावं लागलं, आणि त्यामुळे त्याचा आणखीच तिळपापड झाला.

"आई," तो घोडीच्या पायरीवर बसत म्हणाला, "मला एकदाच सांगून टाका. ढगांचा रंग कोणता?"

"ते मला काय विचारता? रंगारी तुम्ही."

"पण बघितलेत तुम्ही ना!"

सिस्टरांनी खिडकीकडे मान वळवली. "वॉर्डच्या खिडकीतून रात्री ढग तांबूस दिसायचे. शहराच्या दिव्यांनी विटके, नारिंगी. एकदा सगळ्या भागातली वीज गेली, तर तेच ढग काळेठिक्कर. चांदण्या होत्या, आणि जिथे ढग तिथे नुसती भोकं. आणि सकाळी ड्युटी संपवून बाहेर पडले की पांढरेशुभ्र, जसे काही रात्री कुठे गेलेच नव्हते."

"तेच ढग?"

"तेच की. एका रात्रीत नवे कुठून येणार?"

"अहो, मग ढग आहे की सरडा? असा रंग मी आणायचा कुठून? डब्यात मिळत नाही तो!"

"ओरडू नका. पेशंट आहे मी."

रंगारीने हात टेकले. एवढी वर्षं झाली, हजारभर घरं रंगवली असतील, पण कुणी त्याचं काम असं पाच-पाच वेळा नाकारलं नव्हतं. आणि नाकारणारी गिऱ्हाईक असती तर तो डबे उचलून चालता झाला असता. स्वतःच्या घरातून चालता होणार तरी कुठे?

शुक्रवारी सकाळी तो आपल्या खोलीत आला तेव्हा बायको पलंगावर स्वतःचे कपडे पसरून बसली होती. शेजारी एक रिकामी बॅग तोंड उघडून पडली होती.

"हे काय?"

"रविवार आला जवळ."

"अगं, अजून दोन दिवस आहेत. मी काहीतरी करतो की."

"काय करणार? सहावा रंग?" ती रागावली नव्हती, आणि तेच त्याला जास्त लागलं. "तुम्ही तिला खूश करायला बघताय हे मला दिसतंय. पण नाही होत तर नाही होत. तुमचा चहाचा डबा वरच्या फळीवर ठेवते, सापडेल ना?"

त्याला रडू येणार होतं, तेवढ्यात फोन वाजला. गिऱ्हाईक. गेल्या आठवड्यात त्यांच्या हॉलला दिलेला रंग दिवसा छान दिसतो, पण रात्री हिरवट मारतो, डबा बदलला की काय, फसवलं की काय, वगैरे वगैरे. रंगारी आधीच पेटलेला.

"अहो, डबा तोच आहे हो! शेड तीच आहे, उजेड वेगळा आहे! रात्री तुमचे दिवे त्याच्यावर पडतात म्हणून तसा दिसतो. सकाळी खिडकी उघडून बघा, मग बोला!" त्याने फोन पलंगावर आदळला. "आठवड्यातून वीस वेळा सांगतो. भिंतीवर जो उजेड पडेल तशी भिंत दिसणार. एवढी साधी गोष्ट लोकांच्या डोक्यात का शिरत नाही?"

घडी घालता घालता बायकोचा हात थांबला.

"काय बघतेस?"

"काही नाही," ती म्हणाली. "लोकांच्या डोक्यात शिरत नाही म्हणालात ना, म्हणून बघतेय."

मग त्याने स्वतःच्या कपाळावर हात मारून घेतला, चांगला आवाज येईल असा. ओशाळायला झालं, आणि ओशाळल्यामुळे पुन्हा राग आला. जे वाक्य तो गिऱ्हाइकांच्या तोंडावर फेकत होता, तेच तो स्वतः विसरून गेला होता. घरात शिरला की अक्कल चपलांबरोबर बाहेर काढून ठेवत होता की काय?

तो गच्चीवर गेला आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा ढगाकडे ढग म्हणून नव्हे, भिंत म्हणून पाहिलं. वर एक जाडजूड ढग होता. उन्हाकडची बाजू पांढरीफेक, कारण तिथे सगळं ऊन पडत होतं आणि पाण्याचे थेंब ते जसंच्या तसं सगळीकडे उधळत होते. खालचं पोट राखाडी. तिथे वेगळा रंग नव्हता, नुसता उजेड पोचत नव्हता, जसा कपाटामागच्या भिंतीवर पोचत नाही. संध्याकाळी तो पुन्हा गेला. सूर्य खाली टेकला होता आणि ढग पेटल्यासारखे लाल झाले होते. बायको मागून आली होती. शाळेत शिकवलेलं तिला आठवत होतं: ऊन लांबून, तिरकं, एवढ्या हवेतून येताना निळा उजेड वाटेतच विखरून जातो, आणि ढगापर्यंत पोचतो तो उरलेला तांबडा. मग अंधार झाला, दुकानांचे दिवे लागले, आणि त्याच ढगांची पोटं खालून नारिंगी झाली.

"म्हणजे ह्या लेकाच्याकडे स्वतःचा डबाच नाही," रंगारी म्हणाला. "जो उजेड मिळेल तो अंगावर घेतो आणि रुबाब करतो. आणि मी गाढवासारखा पाच रंग घालून बसलो!"

शनिवारी सकाळी सिस्टरांना बाहेरच्या खोलीत हलवलं. त्यांनी कुरकुर केली, पण गेल्या. रंगारीने पॉलिश पेपर घेतला आणि पाचही आभाळं घासून काढली. निळी, काळी, गुलाबी भुकटी त्याच्या डोळ्यांत गेली, नाकात गेली, दातांत कचकचली. खांदे भरून आले. मग त्याने पुट्टी कालवली. पत्र्याच्या पातीने ती छतावर सपाट बसवायची असते, जन्मभर त्याने तेच केलं होतं. आता तो उलटं करत होता. जागोजागी थर चढवत होता, फुगवटे ठेवत होता, पत्रा वळवून कडा झिरझिरीत करत होता. कुणा गिऱ्हाइकाने बघितलं असतं तर शिकाऊ पोराचं काम म्हटलं असतं. पुट्टी वाळल्यावर वरून पांढरा हात. नुसता पांढरा, बिनचमकीचा. एक थेंबही दुसरा रंग नाही.

रविवारी दुपारी सिस्टरांना पुन्हा पलंगावर आणलं. सासूबाईंना नीट दिसावं म्हणून रंगारीने ट्यूब लावली आणि बाजूला उभा राहिला.

सिस्टरांनी बराच वेळ वर पाहिलं. मग चष्मा काढला, चादरीला पुसला, परत लावला.

"काहीच नाहीये," त्या म्हणाल्या. "आधी निदान बोळे तरी होते. आता तर छत सोलल्यासारखं दिसतंय."

रंगारीचं टाळकं सटकलं.

"नाहीच आहे काही!" तो ओरडला. बायको दारातून धावत आली. "तुम्हाला कधी काही आवडलंय का? लग्नात माझा सदरा आवडला नव्हता, माझा धंदा आवडला नव्हता, माझं घर आवडत नाही, आता माझं आभाळ आवडत नाही! मी काय करू, सांगा ना? खरं आभाळ फाडून आणून चिकटवू? आठ दिवस मान मोडून काम करतोय मी, का, माहीत आहे? तुम्ही गेलात तर ही जाईल! मी इथे एकटा काय करू? जा तुम्ही. गाडी येतेच आहे. जा!"

जाता जाता त्याने ट्यूबच्या बटणावर असा काही हात मारला की बटण तुटायचंच बाकी राहिलं. स्वयंपाकघरात जाऊन तो जमिनीवर बसला, भिंतीला पाठ लावून. आपण काय बोलून बसलो! आजारी बाईला, बायकोच्या आईला, "जा" म्हणालो. आता राहण्याचा प्रश्नच मिटला. बायको आत आली, त्याच्याकडे बघितलं, पाण्याचा पेला शेजारी ठेवला आणि आपली बॅग भरायला गेली. चेन ओढल्याचा आवाज त्याला तिथपर्यंत ऐकू आला.

दुपार उलटली. आतल्या खोलीतून हाक नाही, तक्रार नाही, खोकला नाही. इतकी शांतता त्या घरात सिस्टर आल्यापासून नव्हती, आणि ती त्याला सहन होत नव्हती. रागावल्या असतील. रागावणारच.

बाहेर अंधारून आलं. बायको स्वयंपाकघराच्या दारात आली. "गाडी आलीय खाली. चार माणसंही आलीत. तुम्ही आईची बॅग घेता का?"

तो उठला. आतल्या खोलीत काळोख होता. माफी मागायची म्हणून तो तोंड उघडणार, आणि सवयीने त्याचा हात बटणाकडे गेला.

"हात लावू नका बटणाला!" काळोखातून आवाज आला.

त्याने हात मागे घेतला आणि वर पाहिलं.

छत नारिंगी झालं होतं. खालच्या दुकानांचे दिवे लागले होते आणि त्यांचा उजेड खिडकीतून तिरका वर येऊन पुट्टीच्या फुगवट्यांना खालून भिडत होता. फुगवट्यांची पोटं तांबूस, विटकी, आणि पलीकडच्या कडा काळोखात बुडालेल्या. एवढ्यात खालून एखादी गाडी गेली असावी, कारण पांढरा उजेड छताच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सरकत गेला आणि त्याबरोबर सगळे ढग हलल्यासारखे वाटले.

"दुपारी तुम्ही दिवा घालवलात तेव्हा पांढरे होते," सिस्टर म्हणाल्या. त्या त्याच्याकडे बघत नव्हत्या. "मग समोरच्या विटांवर ऊन पडलं तेव्हा लाल झाले. मग मधे थोडा वेळ राखाडी. आता हे असे. ड्युटीवर असल्यासारखं वाटतंय."

"आई, मी मघाशी..."

"ओरडलात. ऐकलं मी. कान शाबूत आहेत माझे." त्यांनी हात वर करून छताच्या मधोमध बोट दाखवलं. "पण ते काय आहे?"

तिथे, सगळ्यात मोठ्या ढगावर, चौकोनी काळी सावली पडली होती. वर एक अर्धगोल, मुठीसारखा. रंगारीने खिडकीकडे पाहिलं. कठड्यावर बॅग उभी होती.

"ती बॅग उचला आधी तिथून," सिस्टर म्हणाल्या.

"हो." तो खिडकीशी गेला आणि बॅग उचलली. भलतीच जड होती. एवढी जड बॅग माणूस चार दिवसांसाठी भरत नाही. ती दोन्ही हातांनी धरून तो दाराकडे वळला. दारात बायको उभी होती, खांद्यावर पर्स.

"बाहेर कुठे घेऊन चाललात?" सिस्टरांनी विचारलं.

"गाडीत ठेवतो ना, आई. माणसं थांबलीत खाली."

"तुम्हाला कळत कसं नाही हो काही? आठ दिवस आभाळ करायचं आणि त्याच्यापुढे बॅग ठेवायची? तिच्यामुळे उजेड अडतोय. दारावरच्या माळ्यावर टाका." त्या लेकीकडे वळल्या. "आणि तू त्या माणसांना परत पाठव. माझ्यासाठी खोळंबलेत बिचारे."

बायको तशीच पर्स खांद्यावर घेऊन जिन्याकडे धावली. लिफ्टची आठवणही तिला राहिली नाही.

"उद्या टाकतो माळ्यावर," रंगारी कसाबसा म्हणाला.

"आत्ता," सिस्टर म्हणाल्या.

घोडी अजून कोपऱ्यातच उभी होती. बॅग खांद्यावर घेऊन तो वर चढला.